पटकथेतला बकरा

कुठल्याही खोलीत शिरताना ते आधी त्या खोलीचं नाव घ्यायचे. "आत. स्वयंपाकघर. सकाळ," असं पटकथेतल्या सीनच्या मथळ्यासारखं घोगऱ्या आवाजात म्हणायचे आणि मगच केटलकडे वळायचे. काकू, म्हणजे आमच्या घरमालकीणबाई, सुरुवातीला दचकायच्या. मग त्यांनी या वेडावर स्वतःचा उपाय काढला. "हो हो, आत. पण पाय पुसून आत," असं त्या चक्क मराठीत सांगायच्या. समोरच्याला मराठीचा एक शब्द कळत नव्हता, पण ते मुकाट्याने मागे फिरून पाय पुसायचे.

क्रॉयडनला ट्रॅमच्या रुळांपासून दोन गल्ल्या आत ते घर होतं. काकू पस्तीस वर्षांपूर्वी लग्न होऊन इंग्लंडला आलेल्या, हॉस्पिटलातून रिटायर झालेल्या. यजमान गेल्यावर वरच्या दोन खोल्या त्या भाड्याने द्यायच्या. पुढच्या खोलीत मी, पुण्याहून एका आयटी कंपनीच्या वर्क परमिटवर आलेली. मागच्या खोलीत हे. रशियातले पटकथाकार, साठी ओलांडलेले, उंच, खांद्यात वाकलेले, चष्म्याची एक दांडी चिकटपट्टीने जोडलेली. कुठल्याशा चित्रपट महोत्सवाचे पाहुणे म्हणून इंग्लंडला आले आणि परत गेलेच नाहीत. नाव सांगत नाही. काकू त्यांना रायटरसाहेब म्हणायच्या, तेवढं पुरे.

मला ते 'कलीग' म्हणायचे. पहिल्या आठवड्यात त्यांनी माझं काम काय ते विचारलं होतं. सॉफ्टवेअरने काय काय करावं याचे शंभर-शंभर पानी दस्तऐवज लिहिते, असं मी सांगितलं. "आणि ते कोण वाचतं?" मी खरं ते सांगितलं, की बहुतेक कुणीच नाही. ते उठून उभे राहिले आणि त्यांनी माझ्याशी हात मिळवला. म्हणाले, "म्हणजे आपण एकाच धंद्यातले." आमचं सगळं बोलणं इंग्रजीत चालायचं. त्यांच्या भाषेतही आपल्यासारखे 'तू' आणि 'तुम्ही' वेगवेगळे आहेत हे कळल्यापासून मात्र आमचं 'यू' मनातल्या मनात 'तुम्ही'च असायचं.

टीव्हीवरच्या घरगुती मालिका ते आवाज बंद करून बघायचे आणि पात्रांचे संवाद स्वतः म्हणायचे. काकूंना ती मालिका ऐकायची असायची, त्यामुळे रिमोटवरून रोज भांडण. ट्रॅममधल्या सूचनांवर त्यांचा फार जीव होता. पुढचा थांबा अमुक, इतकंच. यातला एकही शब्द कापता येत नाही, असं ते कौतुकाने सांगायचे. काकूंची शेंगदाण्याची चटणी ते काळ्या पावाला लोण्यासारखी फासून खायचे. आणि एक सवय सगळ्यांत विचित्र होती. स्वतः लिहिलेलं काहीही, एकदा शेवटचं टाइप झालं की ते वाचायचे नाहीत. पानं उलटी धरून सह्या करायचे. मी कारण विचारलं तेव्हा म्हणाले, "कमिटीचा शिक्का बसल्यावर वाचलं की कुठे कुठे कापलंय ते दिसतं. तरुणपणी एकदा वाचलं होतं, महिनाभर आजारी पडलो." ही सवय पुढे आम्हाला किती महाग पडणार आहे याची मला तेव्हा कल्पना नव्हती.

कमिटीच्या गोष्टी ते रंगवून सांगायचे. तिकडे जुन्या राजवटीत पटकथा आधी स्टुडिओच्या कमिटीपुढे जायची. सात माणसं, सात पेन्सिली. त्यांच्या पहिल्या पटकथेत जिल्हा कचेरीच्या पायरीवर एक बकरा उभा होता. का, तर शूटिंगच्या गावात तसा तो खरोखर उभा असायचा. कमिटी त्या बकऱ्यावर दोन तास बोलली. बकरा म्हणजे कोण? तो कचेरीकडे तोंड करून का आहे? शेवटी बकरा कापला, आणि दमलेल्या कमिटीने बाकीची पटकथा, जिच्यात खरोखर कापण्याजोगं बरंच काही होतं, तशीच पास केली. त्या दिवशी यांना धंदा कळला. पुढची वीस वर्षं त्यांनी प्रत्येक पटकथेत एक बकरा घातला. बकरा खरा वाटो की खोटा, तो ठळक पाहिजे. साहेबाची पेन्सिल आधी तिथेच गेली पाहिजे.

आमच्याकडे याला बळीचा बकरा म्हणतात, असं मी सांगितलं तेव्हा त्यांनी तो शब्द वहीत रशियन अक्षरांत लिहून घेतला. आणि दिवसभर जिन्यावरून जाता-येता म्हणत राहिले. "बलीचा बकरा." काकू म्हणाल्या, "अगं, याला काहीतरी चांगलं शिकव गं."

मग त्यांच्या देशातला काळ बदलला. एका वर्षी कमिटीच उरली नाही. सगळे लोक आनंदाने रस्त्यावर आले, हेही आले, आणि घरी जाऊन लिहायला बसले तर काही सुचेना. सवयीने बकरा घातला, तर तो कापायलाच कुणी नाही. त्यांच्या एका चित्रपटात एक जनरल बाथटबमध्ये बसून लावणीसारखं काहीतरी गातो. तो बकरा होता. तो तसाच पडद्यावर गेला आणि समीक्षकांनी त्यात गहन अर्थ शोधला. हे सांगताना ते इतके हसायचे की चष्मा काढावा लागायचा. त्यानंतर आले नव्या पैशाचे निर्माते. एकाने तर पटकथा वाचायला नकार दिला आणि गोष्ट गाडीत बसून सांगायला लावली. ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर पिस्तूल ठेवलेलं होतं. गोष्टीत तीन बायका आणि एक स्फोट पाहिजे होता, तो त्यांनी सिग्नलला गाडी थांबली असताना घातला. आणि त्यानंतर, दोन हजार सालाच्या पुढेमागे, सरकारी माणसांचे जुन्या पद्धतीचे गोड फोन पुन्हा यायला लागले. तब्येत कशी आहे, सध्या काय लिहिताय, वगैरे. इथपर्यंत सांगून ते थांबायचे. पुढचं त्यांनी मला गप्पांमध्ये कधी सांगितलं नाही.

पुढचं मला कळलं ते टाइप करताना. त्यांनी असायलमचा, म्हणजे राजकीय आश्रयाचा, अर्ज केला होता. त्यांची वकीलबाई चांगली होती पण तिच्याकडे फायलींचा डोंगर होता. निवेदन नीट टाइप करून आणा म्हणाली. दुभाषा घ्यायला यांनी साफ नकार दिला होता. "माझे संवाद दुसरा म्हणणार? कधीच नाही." म्हणून दोन शनिवार-रविवार ते सांगत गेले आणि मी लॅपटॉपवर लिहीत गेले. सोळा परिच्छेद. कुठली पटकथा, कुठल्या बैठका, कुठले फोन. सैन्यात भरती झालेल्या एका मुलीबद्दलची ती पटकथा होती. शेवटी ती मुलगी मरते, आणि कशी मेली हे तिच्या घरच्यांना कुणी सांगत नाही. ही पटकथा लिहू नका, असं फोनवाल्यांचं म्हणणं होतं.

अकरावा परिच्छेद सांगताना ते खिडकीकडे तोंड करून उभे राहिले. अगदी हलक्या आवाजात, हवापाण्याबद्दल बोलावं तसं बोलत होते. एके दिवशी ते बाहेरून घरी आले. कुलूप शाबूत होतं. टेबलावर पटकथा होती तिथेच होती. पण कुणीतरी बसून ती पेन्सिलने सुधारली होती. जिथे जिथे त्या मरणाऱ्या मुलीचं नाव होतं तिथे ते सुबक अक्षरात खोडून दुसरं नाव लिहिलं होतं. त्यांच्या स्वतःच्या मुलीचं. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत, एकही जागा चुकलेली नाही. ज्याने हे केलं त्याने चहा करून घेतला होता आणि कप धुऊन पालथा ठेवला होता. त्यांनी मुलीला दुसऱ्या शहरात मावशीकडे पाठवलं आणि महोत्सवाचं आमंत्रण आलं तसे देशाबाहेर पडले. "मी तिथे लिहीत नसलो तर तिच्याशी कुणाला देणंघेणं नाही," ते म्हणाले. "परत गेलो तर आहे."

मी टाइप केलं आणि माझे हात थांबले. धुतलेला कप मला खटकला. असं खऱ्या आयुष्यात कोण करतं? हा सीन होता, आणि चांगला सीन होता. मी विचारलं, "हा बकरा आहे ना?"

ते वळले, माझ्याकडे बघितलं आणि हसले. हसून खाली चहा करायला गेले.

मी त्या हसण्याचा अर्थ 'हो' असा घेतला. त्या आठवड्यात मी इमिग्रेशनच्या वेबसाइटवर वाचत बसले होते. माझाही व्हिसाच्या एक्स्टेन्शनचा अर्ज, त्यांच्या अर्जासारखाच, क्रॉयडनच्या इमिग्रेशन ऑफिसात पडून होता, त्यामुळे हा माझा रोजचाच उद्योग झाला होता. तिथल्या निकालांमध्ये एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसत होती. एक तपशील खोटा निघाला की सगळ्याच निवेदनावरचा विश्वास जातो. इथे ठळक गोष्ट कापून बाकीची पास करत नाहीत. इथे ठळक गोष्ट धरतात आणि तिच्यासकट सगळं फेकून देतात. यांना हे कसं समजवायचं? वीस वर्षांची सवय. समजावायला गेले असते तर त्यांनी कमिटीची आणखी एक गोष्ट सांगितली असती. मला वाटलं, मी त्यांना वाचवते आहे. रविवारी दुपारी मी अकरावा परिच्छेद निवडला आणि डिलीट दाबलं. संगणकाने बाराव्याचा अकरावा केला, पुढचे सगळे क्रमांक आपोआप जुळले, आणि पंधरा परिच्छेदांचं एक नेटकं निवेदन तयार झालं. त्यांनी पानं उलटी धरून सह्या केल्या.

इमिग्रेशनवाल्यांनी मध्ये त्यांची मुलाखत घेतली, आणि नकाराचं पत्र चार महिन्यांनी आलं. सरकारी पत्रं मी वाचून दाखवायची असा रिवाज होता. काकू शेजारी भेंडी चिरत होत्या. मी वाचत गेले आणि वाचता वाचता हे आलं. मुलाखतीत अर्जदाराने आपल्या मुलीला धमकी दिल्याचा एक प्रसंग सांगितला. हा प्रसंग लेखी निवेदनात कुठेच नाही. का नाही, असं विचारल्यावर अर्जदाराने उत्तर दिलं की मी विसरलो. स्वतःच्या मुलीला दिलेली धमकी माणूस विसरेल हे संभवत नाही.

मी पत्र खाली ठेवलं. "तो बकरा होता ना?"

"त्यात बकरा नव्हता," ते म्हणाले. "आयुष्यात पहिल्यांदा नव्हता. मुलीच्या नावाचा बकरा कोण करतं, कलीग?"

"मग तुम्ही हसलात का?"

"तुम्ही धंदा शिकलात म्हणून हसलो. मला बरं वाटलं."

"आणि विसरलो असं का सांगितलंत?"

"त्यांनी निवेदन समोर ठेवलं. मी तिथे पहिल्यांदा वाचलं. काय सांगणार? माझी कलीग कापते? तुमचाही पासपोर्ट त्याच इमारतीत आहे."

काकूंनी सुरी खाली ठेवली आणि मला विचारलं, "म्हणजे तू कट केलंस? त्यांना न विचारता?" मी मान हलवली. मला रडू येत होतं आणि रडायचा मला काही हक्क नव्हता.

अपील करता येत होतं. वकीलबाई म्हणाली, टाइप करणारीने येऊन सांगितलं की परिच्छेद मी काढला, तर आशा आहे. हे ऐकून मी दोन दिवस कामावर नीट बोलले नाही. असायलमच्या कागदात फेरफार केला असं जजसमोर सांगायचं आणि मग आपल्या एक्स्टेन्शनची वाट बघत बसायचं. मला नोकरी जाण्याची भीती वाटत होती, पुण्याला परत जाऊन आईबाबांना कारण सांगण्याची तर जास्तच. काकूंना विचारलं तर त्या म्हणाल्या, "अगं, तुझं एक्स्टेन्शन पेंडिंग आहे, कशाला यात पडतेस? इट्स नॉट युवर केस." मग दहा मिनिटांनी पुन्हा जिना चढून माझ्या दारात आल्या. "पण नाही गेलीस तर माझ्या किचनमध्ये त्याच्यासमोर बसून चहा घशाखाली उतरेल का, तेवढं बघ."

मी जायचं ठरवलं. रायटरसाहेब सुनावणीच्या आदल्या दिवशी एक कागद घेऊन आले. माझी साक्ष त्यांनी संवादात लिहून आणली होती. प्रश्न, उत्तर, प्रश्न, उत्तर. सगळ्यांत अवघड प्रश्न होता, का काढलं? त्याचं उत्तर त्यांनी लिहिलं होतं, "काढलं नाही. प्रिंट करताना एक पान राहून गेलं."

"हे खोटं आहे," मी म्हणाले.

"खरं सांगितलंत तर बकरा सांगावा लागेल. बकरा सांगितलात तर मी जन्मभर कागदात खोटं पेरणारा माणूस आहे हे सांगाल. मग माझं कोण ऐकेल?"

त्यांचं बरोबर होतं. खरं बोलले तर त्यांना बुडवणार होते आणि खोटं बोलले तर शपथेवर खोटं. रात्रभर नव्हे, पण सकाळच्या ट्रॅममध्ये मी तोच विचार केला. ते शेजारी बसून थांब्यांच्या सूचना ऐकत होते. प्रत्येक थांब्याला उठून पुन्हा बसत होते. मी त्यांना कधी घाबरलेलं पाहिलं नव्हतं.

सुनावणीची खोली एखाद्या शाळेच्या वर्गासारखी साधी होती. जज वयस्कर, शांत, सर्दी झालेला. सरकारतर्फे एक तरुण मुलगा होता, त्याच्या हातात निवेदन. वकीलबाईने मला विचारलं, मुलीचा प्रसंग अर्जदाराने तुम्हाला सांगितला होता का? मी हो म्हणाले. मग तो निवेदनात का नाही? मी तोंड उघडणार तेवढ्यात जज म्हणाला की एक गोष्ट त्याच्या लक्षात आली आहे, साक्षीदाराने उत्तर देताना तीही ध्यानात घ्यावी. निवेदनातले परिच्छेद एक ते पंधरा सलग आहेत आणि पानंही सलग आहेत, तेव्हा काही अनवधानाने राहून गेलं असं दिसत नाही.

माझं पाठ केलेलं उत्तर तिथेच संपलं. मी मागे बघितलं नाही. मागे ते बसले होते. बकऱ्याचं नाव काढायचं नाही एवढं एकच मला धरून ठेवायचं होतं, आणि त्याच्या आजूबाजूला जे उरलं ते मी बोलले. "मी काढलं. मला ते खरं वाटलं नाही."

जजने ते लिहून घेतलं. त्याच्या पेनाचा आवाज मला ऐकू येत होता.

निकाल एका शनिवारी सकाळी पोस्टाने आला. त्यांनी पाकीट फोडलं नाही, माझ्यापुढे सरकवलं. काकूंनी पोळीखालचा गॅस बंद केला. मी वाचायला लागले. क्रमांक सोडून नुसता मजकूर वाचत होते. अर्जदाराचा पूर्वेतिहास, चित्रपट, फोन, हे सगळं जजने बऱ्यापैकी मान्य केलं होतं. मला जराशी आशा वाटायला लागली. मग चोविसावा परिच्छेद आला. साक्षीदार अर्जदार राहतो त्याच घरात राहते, त्याला जवळून ओळखते, तिने त्याच्या तोंडून हा प्रसंग ऐकला. तिला तो खरा वाटला नाही. तिच्याहून अधिक विश्वास मी ठेवावा असं काही माझ्यासमोर आलेलं नाही.

मी ते डोळ्यांनी वाचलं आणि तोंडाने पंचविसावा वाचला.

"थांबा," ते म्हणाले. "इथे कापलंय."

"नाही."

"आधीच्या वाक्यात त्याने अजून ठरवलेलं नाही. या वाक्यात ठरवून झालंय. मध्ये ठरवलं कुठे?" त्यांनी टेबलावर बोट टेकवलं. "कलीग, मी चाळीस वर्षं कापलेलं ऐकतोय. वाचा."

मी चोविसावा वाचला, आणि शेवटी अपील फेटाळल्याची ओळही. वाचून झाल्यावर काकू म्हणाल्या, "अरे देवा," आणि पोळीकडे बघत राहिल्या. रायटरसाहेबांनी निकालाचा कागद स्वतःकडे ओढला. मग त्यांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाने पुसला, पुन्हा घातला.

"चांगला माणूस आहे," ते म्हणाले. "त्याच्या जागी मी हेच लिहिलं असतं." आणि थोड्या वेळाने, माझ्याकडे सरळ बघत, "आता? आता तुम्हाला खरं वाटतं का?"

मी हो म्हणाले. पण त्याआधी एक क्षण गेला. फार नाही, एक श्वास घेण्याइतका. पटकथेत तो लिहितासुद्धा आला नसता, पण त्यांना तो ऐकू आला. त्यांनी मान हलवली आणि कागद घडी करून खिशात ठेवला.

महिन्याभरात ते स्वतःहून परत गेले. कुणी न्यायला यायच्या आत जातो, म्हणाले. निघताना काकूंनी चटणीची बरणी दिली ती त्यांनी कोटाच्या खिशात घातली. माझ्याशी पहिल्या दिवशीसारखा हात मिळवला आणि एक शब्दही रागाचा बोलले नाहीत. बोलले असते तर मला सोपं गेलं असतं. माझं एक्स्टेन्शन आलं, पुढे कायमचं राहायचा परवानाही मिळाला. साक्षीबद्दल मला कुणी कधी विचारलं नाही.

मावशीच्या घरचा फोन नंबर त्यांनी माझ्या डायरीत लिहून दिला होता, मुलगी तिथे असते. इतक्या वर्षांत मी तो लावलेला नाही. तिचं काही बरंवाईट झालंय असं ऐकावं लागेल, ही भीती आहेच. पण तेवढी एकच भीती नाही. समजा फोन तिनेच उचलला, सुखरूप आहे म्हणाली, हसली. मला बरं वाटेल. आणि लगेच मनात येईल की मग त्या दिवशी त्यांनी सांगितलं ते खोटंच असणार. मी स्वतःला ओळखते, तो विचार येईल.